न सांडलेलं सूप

मी तापट आहे हे माझ्या माहेरी सगळ्यांना ठाऊक आहे. कोबेत ते कुणालाच ठाऊक नव्हतं. इथे आल्यापासून मी मान लववायला शिकले, लिफ्टमध्ये गप्प उभं राहायला शिकले. प्लास्टिकच्या कचऱ्याच्या दिवशी चुकून काचेची बरणी ठेवली गेली आणि शेजारच्या बाई ती हसतमुखाने परत घेऊन आल्या, तेव्हा "सुमिमासेन, सुमिमासेन" अशी माफी मागत दार लावून घ्यायला आणि मग आतल्या खोलीत जाऊन उशीवर बुक्की मारायलाही शिकले. मालवाहतुकीच्या ज्या कंपनीत मी काम करते, तिथे माझ्याबद्दल 'फार शांत बाई' असं मत आहे. हे नवऱ्याला सांगितलं तेव्हा त्याला चहा पिता पिता ठसका लागला होता.

ते सगळं शहाणपण गेल्या नोव्हेंबरात क्योतोतल्या एका माडीवर वाया गेलं. अजूनही ती दुपार आठवली की माझ्या तळपायाची आग मस्तकात जाते. लिहून काढलं तर जरा निवेल असं नवरा म्हणतो. बघू.

सुरुवात ऑफिसातल्या जेवणाच्या सुट्टीत झाली. माझ्या समोर बसणारे वयस्क सहकारी वर्तमानपत्राची घडी घेऊन आले आणि माझ्या आडनावाला आदराचं 'सान' लावून म्हणाले, ह्यात तुमच्या देशाचा माणूस आहे बघा. कोबेच्या डोंगराकडच्या बाजूला पूर्वी परदेशी व्यापाऱ्यांची घरं होती. त्यांतलं एक पाडायला काढलं होतं आणि त्याच्या पोटमाळ्यावर घरी सिनेमा दाखवायच्या जुन्या यंत्राबरोबर फिल्मची रिळं सापडली होती. त्यांतला एक सिनेमा युद्धाच्या आधीचा इंग्रजी मूकपट निघाला. धांदरट डिटेक्टिव्ह, चोरीला गेलेला मोत्यांचा हार, धावाधाव, पडापड. इंग्लंडमध्ये त्याची एकही प्रत उरलेली नाही, तो कायमचा हरवला असंच सगळे समजत होते. क्योतोतल्या एका संग्राहकाने तो साफसूफ केला होता आणि आता तो लोकांना दाखवणार होता.

बातमीबरोबर एक फोटो होता. डिटेक्टिव्ह गुडघ्यांवर रांगत भिंगातून गालिचा तपासतोय. त्याच्या मागून, मोठा फेटा आणि छातीपर्यंत दाढी असलेला एक हिंदुस्थानी नोकर झाकणाचं भलंमोठं सुपाचं भांडं दोन्ही हातांत धरून येतोय. आता पुढच्याच पावलाला तो अडखळणार.

"ओमोशिरोइ देशो?" सहकाऱ्यांनी विचारलं. गंमत आहे ना?

मी हो म्हटलं आणि डबा तसाच बंद केला. ते सुपाचं भांडं मी लहानपणापासून ओळखत होते.

माझे आजोबा, म्हणजे बाबांचे वडील, बॅरिस्टर व्हायला लंडनला गेले होते. घरातला पहिला मुलगा बोटीत बसला म्हणून कोण कौतुक झालं होतं. तिथे कायद्याच्या जाडजूड पुस्तकांशी त्यांचं किती जमलं कोण जाणे, पण एका इंग्रजी सिनेमात मात्र त्यांनी काम केलं. लंडनला राहणाऱ्या एका नातेवाइकाने तो पाहिला आणि सुट्टीवर घरी येऊन सगळ्यांसमोर सांगितला. झालं. बॅरिस्टर व्हायला गेला आणि विदूषक होऊन आला, हे वाक्य त्यांच्या कपाळी चिकटलं ते कायमचं. परीक्षा न देताच ते परतले, दादरला दोन खोल्या घेऊन राहिले, विमा कंपनीत कारकून झाले, लग्न झालं आणि बाबा रांगत होते तेव्हा क्षयाने गेले.

बाबांना ते आठवत नाहीत. ऑफिसातल्या लोकांबरोबरचा एक फोटो आहे, त्यात आजोबा मागच्या रांगेत आहेत आणि त्यांचा चेहरा हरभऱ्याच्या डाळीएवढा आहे. एवढीच बाबांची वडिलोपार्जित इस्टेट. बाकी जे काही होतं ते त्यांच्या आईने तोंडी दिलेलं. सिनेमात ते सुपाचं भांडं घेऊन सगळ्या बंगल्यात हिंडतात, चोरलेला हार त्या भांड्यातच असतो, डिटेक्टिव्ह सगळ्यांची झडती घेतो आणि भांडंवाल्या नोकराकडे बघतही नाही. प्रत्येक दारात नोकर अडखळतो आणि सुपाचा एक थेंब सांडत नाही. आजोबा घरी हे करून दाखवायचे. संध्याकाळी ऑफिसातून आले की पातेलं काठोकाठ पाण्याने भरायचे आणि ह्या खोलीतून त्या खोलीत चालायचे. उंबरठ्याला अडखळायचे, नसलेल्या मांजरावरून उडी मारायचे, पातेलं खांद्यापर्यंत वर जायचं, गुडघ्यापर्यंत खाली यायचं, आणि जमीन कोरडीच राहायची. बाबांनी मला हे इतक्या वेळा सांगितलं होतं की पाहिल्यासारखं वाटायचं. बाबांना पाहिल्यासारखं नको होतं. पाहायचं होतं.

त्यात त्यांचे डोळे. वयामुळे पडदा झिजत चाललाय, समोर बघितलं की मधोमध करडा डाग आणि कडेकडेने थोडंफार दिसतं. माझा चेहरा बघायचा तर ते माझ्या कानाकडे बघतात. पुण्याच्या डॉक्टरांनी सांगून टाकलं होतं, पुढच्या वर्षापर्यंत हेही राहील असं धरून चालू नका, तोवर लेकीकडे वगैरे जाऊन या. म्हणून ते आमच्याकडे आले होते. मी वर्तमानपत्र घरी नेलं, फोटो मोठा करून टीव्हीवर लावला. ते टीव्हीला नाक लावून, मान वाकडी करून बराच वेळ बसले.

"दाढी खोटी आहे," एवढंच म्हणाले.

"ते आहेत का, बाबा?"

"फोटोवरून काय सांगू. चालताना बघितलं तर सांगेन."

मी क्योतोला फोन लावला. फोनवर स्वतः संग्राहक होते, निवृत्त शाळामास्तर, आवाज मऊ. जागा आहेत म्हणाले. मी सांगितलं, आम्ही तिघं येऊ, आम्ही भारतीय आहोत, माझे वडील वयस्कर आहेत आणि ह्याच सिनेमासाठी फार आतुर आहेत. पलीकडे क्षणभर काहीच नाही. मग मास्तर म्हणाले, "आ, सोऽ देस का." असं होय. मग, जिना जरा उभा आहे, चालेल का? इथे राहून मला एवढं कळतं की फोनवर असा खंड पडला म्हणजे पलीकडे काहीतरी अडचण आहे. मला वाटलं जिन्याची. मी म्हटलं, जिना चढतील ते.

आजोबांचं मी बोलले नाही, कारण बाबांनीच बजावलं होतं. "आधी बघू दे. नसलेच ते, तर उगाच गाजावाजा." त्यांचं बरोबरच होतं. आपला बाप म्हणून भलत्याच माणसाला जगासमोर मिठी कशी मारणार?

क्योतोला बसमधून उतरून, गल्लीबोळांतून चालत आम्ही पोचलो. खाली पूर्वी तांदळाचं दुकान होतं, वर माडीवर तीसेक खुर्च्या, पांढरा पडदा, कोपऱ्यात हार्मोनियमच्या भावंडासारखी एक छोटी पेटी वाजवणारा माणूस. बूट काढून चपला घालायच्या होत्या. बाबांनी इस्त्रीचा पांढरा सदरा घातला होता आणि नवऱ्याकडून टाय मागून घेतला होता. मास्तर कमरेत वाकून पुढे आले, बाबांना पहिल्या रांगेत मधली खुर्ची दिली, पाठीला उशी दिली, गरम चहा दिला. त्या चहाचा आणि उशीचा मला तेव्हा गहिवर आला होता, हे आठवलं की आणखीनच तिडीक उठते.

पडद्याशेजारी एक तरुण बाई उभी होती. तिला बेन्शी म्हणतात. मूकपट चालू असताना सगळ्या पात्रांचे आवाज काढायचे, गोष्ट पुढे न्यायची, हे तिचं काम. फिल्म जुनी आणि नाजूक, म्हणून तिची कॉम्प्युटरवर प्रत केलेली होती आणि तीच दाखवणार होते. दिवे गेले. बाबा पडद्याच्या डावीकडच्या भिंतीकडे बघत बसले, म्हणजे त्यांना पडदा दिसतो. माझा हात धरून कानाशी म्हणाले, "ते आले की सांग."

सिनेमा चांगला होता, त्याबद्दल माझं काही म्हणणं नाही. डिटेक्टिव्ह हुंगत हुंगत कारंज्यात पडला. चोराऐवजी घराच्या मालकिणीला बेड्या घातल्या आणि किल्ली गिळली. बेन्शी बाई घोगऱ्या, चिरक्या, नाकातल्या आवाजांत सगळ्यांना बोलवत होती, लोक खो-खो हसत होते, बाबाही हसत होते. मी एकेका दाराकडे डोळे लावून बसले होते. पडद्यावरचं दार उघडलं की माझा हात बाबांच्या हातात घट्ट व्हायचा. माळी आला, आचारी आला, दोन पोलीस आले. गालिच्यावर डिटेक्टिव्ह रांगायला लागला, हातात भिंग, बरोबर फोटोतलंच दृश्य. मी बाबांचं मनगट दाबलं. बेन्शी बाई सहज म्हणाली, "आणि इकडे आपले साहेब थेट जेवणघरात पोचले," आणि डिटेक्टिव्ह एकदम जेवणघरात होता. टेबलावर सुपाचं भांडं होतं. कुणीतरी झाकण उचललं, आतून डावावर मोत्यांचा हार लोंबत वर आला, डिटेक्टिव्ह चक्कर येऊन पडला, आणि संपलं. टाळ्या. भांडं टेबलावर आलं होतं. ते कुणी आणलं, हे पडद्यावर कुठेच नव्हतं.

दिवे लागले. बाबांनी माझा हात सोडला नव्हता.

"आले का?"

"नाही, बाबा."

"येऊन गेले असणार," बाबा म्हणाले. "माझ्या डोळ्यांतून सुटले. तू तरी बघितलंस ना नीट?" आणि टायच्या टोकाने चष्मा पुसायला लागले.

तो चष्मा पुसणारा म्हातारा मी आयुष्यभर विसरणार नाही. मी उठले आणि मास्तरांपाशी गेले. वर्तमानपत्रातला फोटो दाखवून विचारलं, हा प्रसंग कुठे आहे? मास्तरांचा चेहरा एकदम प्रेमळ झाला. ते आवाज आणखी मऊ करून म्हणाले, आज भारतातून पाहुणे येणार हे आधीच कळलं, म्हणून तेवढे प्रसंग आम्ही आज टाळले आहेत. जुन्या काळातले इंग्रज, त्यांची दृष्टी तशी. त्या नोकराची फार थट्टा केली आहे. तुमच्या वडिलांच्या मनाला लागलं असतं. बेन्शी सानना सांगून जोड नीट बसवून घेतला, काही जाणवलं नाही ना?

इथले लोक दुसऱ्याच्या मनाची काळजी अशी घेतात. विचारत नाहीत, आधीच ओळखतात. तुम्हाला काय टोचेल ते ओळखून ती वस्तू तुमच्या वाटेतून गुपचूप उचलून ठेवतात, आणि उचलली हेही तुम्हाला कळू देत नाहीत, कारण कळलं तर उपकाराचं ओझं. मी त्याचे फायदे पुष्कळ घेतले आहेत. पण त्या दिवशी त्यांनी वाटेतून उचलून ठेवलेली वस्तू म्हणजे माझे आजोबा होते. इंग्रजांनी निदान त्यांना पडद्यावर ठेवलं होतं. ह्यांनी आदराने, चहा देऊन, पाठीला उशी देऊन त्यांना पुसून टाकलं. एक बटण दाबलं आणि पुसलं.

मी ओरडले. जपानीत ओरडणं सोपं नसतं, मी शिकले तेवढी सगळी जपानी ऑफिसातली, आदराची. त्यामुळे मी बेंबीच्या देठापासून ओरडत होते आणि तोंडातून 'कृपया आपण' बाहेर पडत होतं, त्याने मला आणखी संताप येत होता. कुणाला विचारून हे केलंत? कुणाचं मन? तुम्ही काय ओळखलंत माझ्या वडिलांचं मन? घराकडे निघालेली माणसं चपलांतच थबकली. नवरा मागून मराठीत म्हणाला, "अगं, जाऊ दे ना, त्यांचा हेतू वाईट नव्हता." मी त्याच्याकडे वळून बघितलं, तो खुर्च्या आवरायला लागला.

"तो नोकर," मी मास्तरांना सांगितलं, "माझ्या वडिलांचा बाप आहे. त्याला बघायला आलोत आम्ही."

मास्तर वाकले. खाली वाकले आणि वर येईनात. मला ह्या वाकण्याचीही चीड आहे. भांडायला माणूस समोर लागतो. पाठीशी काय भांडायचं? बेन्शी बाईने दोन्ही हात तोंडावर धरले होते. बाबा खुर्चीतून विचारत होते, काय झालं, काय झालं, कुणी पडलं का.

मग सगळं फार शांतपणे झालं. सगळे परत बसले, एकही माणूस गेला नाही. मास्तरांनी काढलेले तुकडे शोधून लावले. पेटी वाजवणाऱ्याने पेटीला हात लावला नाही. बेन्शी बाई भिंतीला टेकून, मान खाली घालून उभी राहिली. मी बाबांच्या शेजारी बसले.

"बाबा, आता येतायत."

दार उघडलं आणि आजोबा आले.

आमच्या घराण्याचा रंग काही गोरा नाही. तरीही त्यांच्या तोंडाला वरून काळं फासलेलं होतं, गळ्याशी त्याची रेघ दिसत होती. खऱ्या हिंदुस्थानी माणसालासुद्धा त्या लोकांनी पुरेसा हिंदुस्थानी मानला नव्हता. फेट्याला पीस, कमरेला पडद्याच्या कापडाचा पट्टा, पायात टोकं वळलेले जोडे. आमच्याकडच्या कुठल्याही प्रांतात कुणी असा पोशाख घातला नसेल. डिटेक्टिव्ह त्यांच्या पायांत आला, ते त्याच्यावरून ओलांडून गेले, भांडं डोक्यावर. मालकाने धक्का दिला, भांडं एका हातावर. आचाऱ्याने मागून लाथ घातली, ते पुढे फेकले गेले, जिन्याचा कठडा, कुत्रा, मेणबत्त्यांचं झाड, सगळ्यातून धडपडत गेले, भांडं वर, खाली, पाठीमागे. शेवटी सपशेल उताणे पडले आणि भांडं त्यांच्या छातीवर सरळ उभं. झाकणसुद्धा हललेलं नाही. ते झाकण उचलून आत डोकावले, मग आमच्याकडे बघून त्यांनी भुवया उडवल्या. तुकडा तिथे संपला.

मी रडत होते, पण ते रडू रागाचं होतं. बॅरिस्टर व्हायला गेलेल्या माणसाच्या ढुंगणावर लाथ. आणि त्याच्या तोंडाला काळं. मला त्या मेलेल्या दिग्दर्शकाला, त्या आचाऱ्याला, त्या लंडनला, त्या सुट्टीवर येऊन चहाड्या करणाऱ्या नातेवाइकाला, सगळ्यांना एका रांगेत उभं करायचं होतं. लोक आपापल्या मांडीकडे बघत होते. आमच्या अपमानाकडे बघायचं नाही, एवढी माणुसकी सगळ्यांनी पाळली होती.

बाबा भिंतीकडे बघत बसले होते.

"तेच आहेत," ते म्हणाले. "चेहरा नाही कळला. पण मांजरावरून जशी उडी मारायचे म्हणायची आई, तशीच मारली त्यांनी त्या कुत्र्यावरून." मग इकडेतिकडे कान देऊन म्हणाले, "कुणी हसत का नाहीये?"

"बाबा, लाज वाटतेय त्यांना."

"कशाची?"

"अहो, कसं वागवलंय त्यांना, दिसलं नाही का तुम्हाला?"

"दिसलं की. तेवढं दिसतं मला." बाबांचा आवाज चढला. ते माझ्यावर सहसा आवाज चढवत नाहीत. "मघाशी तो साहेब कारंज्यात पडला तेव्हा सगळे हसले. मग माझ्या वडिलांनी काय घोडं मारलंय? सांग त्यांना, हसा म्हणावं."

"मी नाही सांगणार."

मी खरंच सांगितलं नाही. नवऱ्यानेही नाही. बाबा खुर्चीचा हात धरून उठले, लोकांकडे वळले, म्हणजे लोकांच्या डोक्यावरच्या खिडकीकडे तोंड केलं, आणि त्यांच्या जुन्या बँकेतल्या इंग्रजीत म्हणाले, "प्लीज. लाफ. इट इज अ कॉमेडी. माय फादर इज व्हेरी गुड कॉमेडी."

मास्तरांनी माझ्याकडे बघितलं. मी मान फिरवली. त्यांनी तुकडा पुन्हा सुरू केला. बेन्शी बाई भिंतीपासून पुढे आली, बाबांना वाकून नमस्कार केला आणि पडद्याशेजारी उभी राहिली. तिने त्या नोकरासाठी तालमीत कुठला मोडकातोडका आवाज बसवला असेल कोण जाणे, तो तिने काढला नाही. साध्या, शांत, घरंदाज माणसाच्या आवाजात आजोबा बोलू लागले. जरा सरकता का, सूप गरम आहे. आपण लाथ घालताय, चालू द्या, सूप मात्र गरम आहे. कुत्र्याला: आपणही? बरं, या. पहिल्यांदा ती स्वतःच हसली, बोलता बोलता चुकून. मग पेटीवाला. मग मागून एक म्हातारी जोरात. छातीवर भांडं ठेवून आजोबांनी भुवया उडवल्या तेव्हा ती माडी हसण्याने दणाणली. बाबा उभेच होते. पडद्याकडे पाठ, लोकांकडे तोंड. सिनेमाकडे नव्हतेच बघत ते. हसणं ऐकत होते, अगदी टाय सरळ करून.

पुन्हा लावायला लोकांनीच सांगितलं. पुन्हा हसले. त्या माडीवर न हसलेली मी एकटीच होते.

निघताना मास्तर जिन्याच्या तोंडाशी पुन्हा वाकले, मी पुरेशी वाकले नाही. आजोबांच्या तुकड्याची प्रत पाठवून देईन म्हणाले. बेन्शी बाईने बाबांना हात धरून एकेक पायरी उतरवलं.

कोबेच्या गाडीत बसायला जागा मिळाली. नवरा समोर झोपून गेला, किंवा तसं दाखवत होता. इथे गाडीत मोठ्याने बोलत नाहीत, म्हणून बाबा माझ्या कानाशी आले.

"तुला नाही आलं हसू."

"नाही आलं, बाबा. येणारही नाही. मला त्या लाथेपलीकडे काही दिसलंच नाही."

बाबांनी मान डोलावली. त्यांना राग आला नव्हता.

"आईलाही नाही यायचं," ते म्हणाले. "तो भाग मी तुला कधी सांगितला नव्हता. नळाला पाणी थोडा वेळ यायचं, तिनं भरून ठेवलेलं पाणी ते पातेल्यात ओतून घ्यायचे, तिचा जीव वर-खाली. आणि शेजारपाजारचे आधीच विदूषक म्हणायचे. ती रोज म्हणायची, पुरे आता, ठेवा ते खाली. मग एक दिवस ठेवलं त्यांनी. परत नाही उचललं."

पुढचं स्टेशन आलं, दारं उघडली, गार वारा आला. दारं बंद होईपर्यंत बाबा थांबले.

"शेवटच्या आजारपणात ती त्यांना म्हणाली होती, एकदा दाखवा ना, ह्या वेळी मी हसते. पण तोवर त्यांना धरून उठवावं लागत होतं. पातेलं कुठलं उचलतायत."

बाबांनी माझ्या कानाकडे बघितलं, म्हणजे माझ्या चेहऱ्याकडे, आणि विचारलं, "प्रत कधी पाठवतो म्हणाले ते?"